क्लुजची गुहाविज्ञान संस्था : स्थापना आणि शंभर वर्षांचे कार्य

रोमानियातील क्लुज येथील गुहाविज्ञान संस्था २६ एप्रिल १९२० च्या कायद्याने स्थापन झाली. केवळ गुहांच्या अभ्यासाला वाहिलेली ही जगातील पहिली संस्था. पहिले महायुद्ध संपल्यावर १९१८ मध्ये ट्रान्सिल्व्हेनिया रोमानियात सामील झाला आणि क्लुजमधील जुन्या हंगेरियन विद्यापीठाच्या जागी १९१९ मध्ये रोमानियन विद्यापीठ उभे राहिले. नव्या विद्यापीठाला नामवंत प्राध्यापक हवे होते. फ्रान्समध्ये काम करीत असलेले प्राणिशास्त्रज्ञ एमिल राकोवित्सा यांना बोलावणे गेले. नुसते अध्यापकपद त्यांना नको होते. गुहांच्या संशोधनासाठी स्वतंत्र संस्था मिळत असेल तरच यायचे, असा त्यांचा आग्रह होता आणि तो मान्य झाला. नुकत्याच युद्धातून बाहेर पडलेल्या, पैशाची चणचण असलेल्या देशाने अशा विषयासाठी कायदा करून संस्था उभारली, ही गोष्ट आजही आदराने नोंदवावी अशी आहे.

संस्थेचा इतिहास राकोवित्सा यांच्यापासून वेगळा काढता येत नाही. त्यांचा जन्म १८६८ चा, मोल्दाव्हिया प्रांतातला. वडिलांच्या इच्छेखातर पॅरिसमध्ये कायद्याचे शिक्षण घेतल्यावर ते विज्ञानाकडे वळले आणि १८९६ मध्ये सागरी वलयी कृमींवरील प्रबंधाबद्दल त्यांना डॉक्टरेट मिळाली. पुढच्याच वर्षी आद्रियाँ द जेर्लाश यांच्या ‘बेल्जिका’ जहाजावरून ते निसर्गशास्त्रज्ञ म्हणून अंटार्क्टिकाला निघाले. जहाजावर रोआल्ड आमुंडसेन आणि फ्रेडरिक कुक हेही होते. १८९८ च्या मार्चच्या सुमारास जहाज बर्फात अडकले, ते वर्षभराने सुटले. अंटार्क्टिकाच्या बर्फात हिवाळा काढणारी ही पहिली मोहीम. त्या हिवाळ्यात दोन महिन्यांहून अधिक काळ सूर्य उगवला नाही. माणसे आजारी पडली, काहींचे मन ढळले, पण राकोवित्सा यांचे नमुने गोळा करणे थांबले नाही. देवमासे, सील आणि पेंग्विन यांच्यावरील त्यांच्या नोंदी या मोहिमेतून आल्या. अंटार्क्टिकाचे बिनपंखी चिलट ‘बेल्जिका अंटार्क्टिका’ हेही त्यांनीच गोळा केलेल्या नमुन्यांतून विज्ञानाला ठाऊक झाले.

परतल्यावर १९०० मध्ये ते भूमध्य समुद्राकाठच्या बान्यूल्स-सूर-मेर येथील आरागो प्रयोगशाळेचे उपसंचालक झाले. तिथवर ते पूर्णपणे समुद्राचे अभ्यासक होते. १९०४ च्या जुलैमध्ये स्पेनच्या मायोर्का बेटावर सागरी जीव गोळा करायला गेले असता त्यांनी किनाऱ्यावरची द्राकची गुहा पाहिली. या गुहेच्या पोटात मोठे तळे आहे. १८९६ मध्ये फ्रेंच गुहासंशोधक एदुआर-आल्फ्रेद मार्तेल यांनी त्याचे सर्वेक्षण केले होते. तळ्यातल्या पाण्यात राकोवित्सा यांना काही मिलिमीटर लांबीचा, पांढरा, डोळे नसलेला कवचधारी जीव सापडला. त्याचे बहुतेक भाऊबंद समुद्रात राहणारे. मग हा इथे कधी आला, कोणत्या वाटेने आला, आणि अंधारात किती पिढ्या गेल्यावर त्याचे डोळे गेले? १९०५ मध्ये ‘टिफ्लोसिरोलाना मोराग्वेसी’ या नावाने त्याचे वर्णन प्रसिद्ध करीपर्यंत राकोवित्सा यांनी आपली दिशा बदलली होती. पस्तिशी ओलांडलेल्या, सागरी प्राणिशास्त्रात नाव मिळवलेल्या माणसाने नवा विषय धरला आणि शेवटपर्यंत सोडला नाही.

गुहेत राहणारे प्राणी त्याआधी माहीत नव्हते असे नाही. आजच्या स्लोव्हेनियातील पाण्यात राहणाऱ्या आंधळ्या प्रोटियसचे शास्त्रीय वर्णन १७६८ मध्येच झाले होते आणि पोस्तोयना गुहेतील भुंगेरा १८३१ मध्ये सापडला होता. पण हे सारे चमत्कारिक नमुने म्हणून संग्रहालयांत जात. त्यांच्या मागचे प्रश्न एका जागी कोणी मांडले नव्हते. ते काम राकोवित्सा यांच्या १९०७ मधील दीर्घ निबंधाने केले. गुहेतील जीवविज्ञानाची सुरुवात याच निबंधापासून मोजली जाते.

निबंधातील दोन विचार संस्थेला पुढे शंभर वर्षे पुरले. पहिला असा की, माणूस शिरू शकतो तेवढीच गुहा, हे जीवशास्त्राच्या दृष्टीने खरे नाही. चुनखडकातल्या बोटाएवढ्या फटी, त्यांतून झिरपणारे आणि साठणारे पाणी, हे अंधारातल्या जिवांचे खरे घर. गुहा म्हणजे त्या घराला पडलेली खिडकी. माणसाला खिडकीत जे दिसते ते तिथे योगायोगाने आलेले असते. दुसरा विचार काळाविषयी होता. फटीत किंवा भूजलात अडकलेला जीव बाहेरच्या नातलगांपासून तुटतो. बाहेर हवामान बदलते, समुद्र मागे सरतात, जंगले नष्ट होतात आणि त्या प्राण्याचे नातलग नाहीसे होतात. आत मात्र तापमान स्थिर, ऋतू नाहीत, दिवस-रात्र नाही. म्हणून एखादा प्राचीन वंश केवळ आतच उरतो. जाती ही परस्परांशी रक्ताचे नाते असलेल्या आणि इतरांपासून तुटलेल्या प्राण्यांची वसाहत होय, अशी राकोवित्सा यांची जातीविषयीची कल्पना होती. ती या अभ्यासातूनच आली. गुहेतील प्राण्यांचे कायमचे रहिवासी, आत-बाहेर दोन्हीकडे जगू शकणारे आणि चुकून आलेले असे तीन गट त्यांनी पूर्वीच्या मांडणीत दुरुस्ती करून पक्के केले. ते आजही वापरले जातात.

निबंधाबरोबरच ‘बायोस्पिओलॉजिका’ हा उपक्रम सुरू झाला. त्यात त्यांना रने झानेल यांची साथ मिळाली. झानेल हे फ्रेंच, शिक्षणाने डॉक्टर आणि मनाने भुंगेऱ्यांचे अभ्यासक. युरोप आणि उत्तर आफ्रिकेतील गुहा पद्धतशीर पाहायच्या, प्रत्येक गुहेची नोंद ठरलेल्या नमुन्यात करायची, प्राणी गोळा करून त्या त्या गटाच्या तज्ज्ञाकडे पाठवायचे आणि येईल तो अहवाल याच मालिकेत छापायचा, अशी ही योजना होती. वर्षानुवर्षे चालून ती हजाराहून अधिक गुहांपर्यंत पोहोचली. १९२० मध्ये क्लुजला संस्था झाली तेव्हा हा संग्रह आणि ही मालिका तिच्याकडे आली. संस्था रिकाम्या हातांनी सुरू झाली नाही, हे तिचे मोठे भाग्य.

राकोवित्सा संचालक आणि झानेल उपसंचालक, असा संसार सुरू झाला. स्वित्झर्लंडचे पिएर-आल्फ्रेद शाप्वी लवकरच येऊन मिळाले. माणसे थोडी, पण प्रत्येकाचे क्षेत्र स्पष्ट होते. राकोवित्सा यांच्या मते गुहाविज्ञानात भूविज्ञान, जलविज्ञान, हवामान, प्राणिशास्त्र आणि पुरातत्त्व एकत्र आल्याशिवाय काही कळणार नव्हते. म्हणून संस्थेचे ग्रंथालय आणि नकाशांचा संग्रह त्यांनी प्राण्यांच्या संग्रहाइतक्याच काळजीने वाढवला. झानेल यांनी ट्रान्सिल्व्हेनियाच्या डोंगरांतील गुहांचे भुंगेरे तपासून त्यांची वंशावळ लावली. भुंगेऱ्यांच्या आजच्या पसाऱ्यावरून प्राचीन भूखंडांचा इतिहास वाचता येतो, हा त्यांचा विचार पुढे त्यांच्या ग्रंथांत पूर्ण रूपाला आला. काही वर्षांनी ते पॅरिसच्या राष्ट्रीय निसर्गविज्ञान संग्रहालयात परतले आणि दुसऱ्या महायुद्धानंतर तिथले संचालक झाले. गुहेतील प्राण्यांना त्यांनी जिवंत जीवाश्म मानले.

शाप्वी यांचे काम अधिक शांत आणि, आज मागे वळून पाहता, अधिक दूरगामी. ते भूजलातील सूक्ष्म कवचधारी जिवांचे तज्ज्ञ होते. नदीकाठच्या वाळूत किंवा गोट्यांत खड्डा खणायचा, त्यात झिरपून आलेले पाणी बारीक जाळीतून गाळायचे, एवढी साधी पद्धत. युगोस्लाव्हियाचे स्तान्को कारामान आणि शाप्वी या दोघांच्या नावाने ती आजही ओळखली जाते. या खड्ड्यांत गुहेतल्यासारखेच आंधळे, पांढरे जीव मिळू लागले. गुहा नसलेल्या सपाट प्रदेशातही ते मिळाले. म्हणजे १९०७ मध्ये राकोवित्सा यांनी अनुमानाने मांडलेले घर प्रत्यक्ष हाती लागले.

या पहिल्या वीस वर्षांतले आणखी एक काम स्करिशोआरा येथील बर्फाच्या गुहेचे. अपुसेनी डोंगरांत ११६५ मीटर उंचीवर, सुमारे पन्नास मीटर खोल विवराच्या तळाशी ही गुहा आहे. हिवाळ्यातील थंड, जड हवा विवरातून खाली उतरते आणि उन्हाळ्यात वर निघून जाऊ शकत नाही, त्यामुळे आत साठलेला बर्फ वितळत नाही. राकोवित्सा यांनी तिची निरीक्षणे १९२७ मध्ये प्रसिद्ध केली. १९५० मध्ये एमिल पोप आणि इओन चिओबानु यांनी बर्फाच्या थरांतील परागकण तपासले. अलीकडच्या संशोधनानुसार या बर्फाचे घनफळ सुमारे एक लाख घनमीटर असून त्याचे सर्वांत खालचे थर दहा हजार वर्षांहून जुने आहेत. पूर्व युरोपातील हिवाळ्यांची दहा सहस्रकांची नोंद या एका गुहेत थरांनी लागलेली आहे. ती वाचायला पाऊण शतक लागले, कारण वाचण्याची साधनेच हळूहळू आली. पहिल्या पिढीने नीट मोजून ठेवले म्हणून पुढच्या पिढीला तुलना करता आली.

१९४० मध्ये व्हिएन्ना निवाड्याने उत्तर ट्रान्सिल्व्हेनिया हंगेरीला देण्यात आला. क्लुजही गेले. विद्यापीठाचा विज्ञान विभाग तिमिशोआरा शहरात हलला आणि राकोवित्सा तिकडे गेले. शाप्वी स्विस नागरिक होते. ते क्लुजमध्येच थांबले आणि संस्थेचा संग्रह व ग्रंथालय यांची राखण त्यांनी केली. सत्ता बदलली की संग्रहांचे काय होते, याची उदाहरणे युरोपात त्या वर्षांत पुष्कळ घडली. क्लुजचा संग्रह वाचला याचे श्रेय शाप्वी यांचे. युद्धानंतर राकोवित्सा परतले, संस्था पुन्हा उभी करण्याच्या कामाला लागले आणि नोव्हेंबर १९४७ मध्ये क्लुजमध्येच त्यांचे निधन झाले. शाप्वी पुढे फ्रान्सला निघून गेले. संस्थेला राकोवित्सा यांचे नाव नंतर देण्यात आले.

त्यानंतरची काही वर्षे मंद गेली. १९५६ मध्ये संस्थेची फेररचना झाली, मुख्य केंद्र राजधानी बुखारेस्टला आले आणि क्लुज ही शाखा झाली. संचालकपदी कॉन्स्टान्टिन मोताश आले. ते पाण्यातील कोळ्यासारख्या सूक्ष्म जिवांचे, म्हणजे जलगोचिडांचे अभ्यासक. भूजलातील जीवसृष्टी ही स्वतंत्र ज्ञानशाखा मानली पाहिजे, अशी मांडणी त्यांनी केली. त्यांचे सहकारी त्रायान ओरगिदान यांनी १९५९ मध्ये नदीच्या तळाखालील आणि काठालगतच्या गोट्या-वाळूतल्या पाण्याचा पट्टा हा वेगळा अधिवास असल्याचे दाखवून दिले. नदीचे पाणी आणि भूजल जिथे मिसळतात तो हा पट्टा. आज जगभर नद्यांच्या आरोग्याचा विचार करताना त्याचा अभ्यास अनिवार्य मानला जातो. तो शोध गुहाविज्ञानाच्या संस्थेतून आला हे अनेकांना ठाऊक नसते. शाप्वी यांच्या खड्ड्यांपासून ओरगिदान यांच्या निबंधापर्यंतची वाट सरळ आहे.

१९६२ पासून संस्थेचे स्वतःचे नियतकालिक निघू लागले. दक्षिण कार्पेथियन भागात क्लोशानी येथे गुहेतच संशोधन केंद्र चालू झाले. १९६९ आणि १९७३ मध्ये क्यूबाच्या शास्त्रज्ञांबरोबर त्या देशातील गुहांच्या दोन मोठ्या जीवशास्त्रीय मोहिमा झाल्या आणि त्यांचे निष्कर्ष अनेक खंडांत प्रसिद्ध झाले. सत्तरच्या दशकात प्रशासकीय उलथापालथीत संस्थेची स्वायत्तता गेली. तरीही काम करणारी माणसे टिकली. याच कठीण काळाच्या अखेरीस संस्थेच्या इतिहासातला सर्वांत मोठा शोध लागला.

१९८६ मध्ये काळ्या समुद्राजवळच्या मांगालिया शहराबाहेर वीज प्रकल्पासाठी जमिनीची चाचणी चालली होती. त्यासाठी खणलेल्या एका विहिरीसारख्या खड्ड्यात, जमिनीखाली सुमारे वीस मीटरवर, चुनखडकातील एक पोकळी उघडी पडली. संस्थेतील गुहासंशोधक क्रिस्तियान लास्कु आत उतरले. लास्कु आणि त्यांचे सहकारी शेर्बान सर्बु हे रोमानियातील पाण्याखालच्या गुहांत बुडी मारून संशोधन करणाऱ्यांच्या पहिल्या पिढीतले. पाण्याने भरलेल्या गुहांवरचे या दोघांचे पुस्तक पुढच्याच वर्षी आले. मांगालियाच्या या गुहेला मोविले हे नाव मिळाले. तिला नैसर्गिक तोंड नव्हते. खड्डा खणला गेला नसता तर ती कधीच कळली नसती.

मोविलेचे दोन मजले आहेत. वरचा कोरडा, अरुंद, दोनशे मीटरहून थोडा अधिक लांबीचा. त्यात जीव फारसे नाहीत. त्याच्याखाली पाण्याने भरलेला लहान मजला, सुमारे चाळीस मीटरचा. बुडी मारून पुढे गेले की छताच्या उंचवट्यांत अडकलेल्या हवेचे कप्पे लागतात. पाणी एकवीस अंश सेल्सियसचे, वर्षभर तेवढेच, आणि गंधकाचा कुजका वास असलेल्या हायड्रोजन सल्फाइडने भरलेले. कप्प्यांतील हवेत प्राणवायू केवळ सात ते दहा टक्के, बाहेरच्या हवेच्या निम्म्याहून कमी. कर्बवायू दोन ते साडेतीन टक्के, शिवाय एक-दोन टक्के मिथेन. माणसाला इथे फार वेळ राहता येत नाही. पण हवा आणि पाणी जिथे मिळतात तिथे पाण्यावर पांढुरकी साय धरलेली दिसते, आणि त्या सायीवर व तिच्याभोवती जिवांची दाटी आहे.

सायीत असतात जीवाणू. ते सल्फाइड आणि मिथेन यांचे ऑक्सिडीकरण करून ऊर्जा मिळवतात आणि पाण्यातल्या कर्बापासून स्वतःचे शरीर घडवतात. त्यांच्यावर सूत्रकृमी आणि लहान कवचधारी जीव जगतात, त्यांच्यावर कोळी, गोमा, जळवा. म्हणजे या अन्नसाखळीच्या मुळाशी सूर्यप्रकाश नाही. गुहेवर चिकणमाती आणि वाऱ्याने आणून टाकलेल्या मातीचे जाड, पाणी न झिरपणारे थर आहेत. वरून पाला नाही, शेण नाही, पावसाचे पाणीही नाही. समुद्रतळाशी उष्ण झऱ्यांभोवती रसायनांवर जगणारी जीवसृष्टी १९७७ मध्ये गॅलापागोस बेटांजवळ सापडली होती. जमिनीखालच्या गुहेत अशी सृष्टी मोविलेत प्रथमच सापडली.

हे सिद्ध कसे झाले ते सांगणे आवश्यक आहे, कारण नुसत्या आश्चर्यावर संस्थेचे नाव झालेले नाही. कर्बाच्या हलक्या आणि जड समस्थानिकांचे प्रमाण खाणाऱ्याच्या शरीरात बरेचसे अन्नाप्रमाणेच उतरते. मोविलेतील प्राण्यांच्या शरीरात हलका कर्ब बाहेरच्या प्राण्यांपेक्षा स्पष्टपणे अधिक होता, आणि तो सायीतील जीवाणूंशी जुळत होता. किरणोत्सारी खूण लावलेला कर्ब सायीत किती वेगाने शोषला जातो हेही मोजण्यात आले. सर्बु यांनी टॉमस केन आणि ब्रायन किंकल या अमेरिकी सहकाऱ्यांबरोबर हे निष्कर्ष १९९६ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात मांडले. गुहेच्या बंदिस्तपणाचा पुरावा एका दुर्घटनेने दिला. एप्रिल १९८६ मध्ये चेर्नोबिलच्या अणुभट्टीतून उडालेले सीझियम आणि स्ट्रॉन्शियम मांगालिया ज्यात येते त्या दोब्रोजा प्रदेशाच्या मातीत आणि आसपासच्या पाण्यात उतरले होते. मोविलेच्या आत ते आढळले नाही.

गुहेतील अपृष्ठवंशी प्राण्यांच्या जाती पन्नासच्या आसपास आहेत आणि त्यांपैकी दोन-तृतीयांशाहून अधिक जगात दुसरीकडे कुठेही मिळत नाहीत. ‘नेपा अनॉफ्थाल्मा’ हा पाण्यात राहणारा, शेपटीसारख्या नळीने श्वास घेणारा कीटक, म्हणजे पाणविंचू. त्याच्या कुळातला गुहेत जगण्यासाठी घडलेला जगातील हा एकमेव प्रतिनिधी. त्याचे वर्णन १९९४ चे. ‘हीमोपिस सीका’ ही आंधळी जळू १९९८ मध्ये नोंदली गेली. इतक्या लहान जागेत इतके विशेष प्राणी कसे, हा प्रश्न साहजिक आहे, आणि त्याचे उत्तर राकोवित्सा यांच्या १९०७ च्या निबंधात आहे. मांगालियाच्या परिसरातील गंधकाचे झरे आणि खोल विहिरी तपासल्यावर मोविलेतील काही प्राणी तिथेही मिळाले. गुहेचा पाण्याने भरलेला मजला चाळीस मीटरचा, पण चुनखडकाच्या फटींतील गंधकयुक्त पाण्याचा साठा सर्व परिसराखाली पसरलेला आहे. घर मोठे आहे. मोविले ही त्याची माणसाला सापडलेली एक जागा.

मोविले किती काळ बंद होती? लोकप्रिय लेखनात पंचावन्न लाख वर्षे हा आकडा सर्वत्र येतो. त्याला आधार आहे. त्या सुमारास भूमध्य समुद्र जवळजवळ आटला होता, काळ्या समुद्राची पातळी घटली होती, हवामान रुक्ष झाले होते आणि पृष्ठभागावरच्या जिवांना खाली आश्रय घेण्याचे कारण होते. पण हा आकडा गुहेतील प्रत्येक प्राण्याला लावणे चुकीचे आहे. इथल्या ‘हेलिओबिया डोब्रोजिका’ या बारीक गोगलगायीच्या जनुकांची तुलना बाहेरच्या नातलगांशी केली असता दोघांची फारकत सुमारे वीस लाख वर्षांपूर्वी झाल्याचे दिसले. काही प्राणी त्याहून अलीकडचे असावेत. म्हणजे मोविले एकदाच बंद झालेली तिजोरी नाही. वेगवेगळ्या युगांत वेगवेगळे जीव फटींतून तिथे पोहोचले आणि प्रत्येकाचा काळ तिथून वेगळा मोजावा लागतो. एकाच कप्प्यात, एकमेकांना खात, निरनिराळ्या वयांचे वंश राहतात. झानेल यांच्या जिवंत जीवाश्मांच्या कल्पनेला जनुकशास्त्राने घातलेली ही मर्यादा. मोविलेचे महत्त्व तिने कमी होत नाही, उलट वाढते.

शोधानंतर संस्थेने आणि तिच्या सहकाऱ्यांनी घेतलेला निर्णय शोधाइतकाच मोलाचा ठरला. खड्ड्याला झाकण बसवून प्रवेश बंद करण्यात आला. मोजक्या संशोधकांनाच, थोड्या वेळासाठी, परवानगी मिळते. माणसाच्या पायांनी गाळ ढवळतो, श्वासाने हवेचे प्रमाण बदलते, कपड्यांबरोबर बाहेरचे जीवाणू येतात. पर्यटनाचे उत्पन्न आणि प्रसिद्धी यांचा मोह असताना गुहा बंद ठेवण्यावर ठाम राहणे सोपे नव्हते. जगातील अनेक सुंदर गुहा दिव्यांनी आणि गर्दीने हिरव्या शेवाळल्या. मोविले वाचली.

१९८९ च्या राजकीय बदलानंतर, १९९० मध्ये, संस्था रोमानियन अकादमीच्या छत्राखाली पुन्हा स्वतंत्र झाली. बुखारेस्ट आणि क्लुज ही तिची दोन केंद्रे. या काळात कामाचा भर काळाच्या मोजमापाकडे वळला. लवणस्तंभांतील युरेनियम आणि थोरियम यांच्या प्रमाणावरून त्यांचे वय काढता येऊ लागले आणि ऑक्सिजनच्या समस्थानिकांवरून त्या त्या काळचे हवामान. २००२ मध्ये नैर्ऋत्य रोमानियात, अनिना गावाजवळच्या एका भूमिगत प्रणालीत, गुहासंशोधकांना अस्वलांच्या हाडांनी भरलेले दालन लागले. तिथे पोहोचायला पाण्याने भरलेली वाट बुडी मारून ओलांडावी लागते. हाडांत माणसाचा जबडा होता, सुमारे चाळीस हजार वर्षांपूर्वीचा. ‘पेश्तेरा कु ओआसे’ म्हणजे हाडांची गुहा, हे तिचे नाव. उत्खननात आणि गुहेच्या भूवैज्ञानिक अभ्यासात संस्थेचे शास्त्रज्ञ होते. २०१५ मध्ये त्या जबड्याच्या डीएनएत सहा ते नऊ टक्के भाग निअँडरथालचा असल्याचे आढळले. या माणसाच्या चार ते सहा पिढ्या आधीचा एक पूर्वज निअँडरथाल होता.

मायोर्काच्या किनाऱ्यावरील गुहांकडेही क्लुजच्या परंपरेतील भूवैज्ञानिक परतले. या गुहांतील पाण्याची पातळी समुद्राशी जोडलेली असते. पाण्याच्या रेषेवर लवणस्तंभांभोवती खनिजाचा कडेसारखा फुगवटा तयार होतो. समुद्र चढला किंवा उतरला की जुना फुगवटा तिथेच राहतो आणि नव्या उंचीवर नवा बनू लागतो. फुगवट्याचे वय काढले की त्या वेळच्या समुद्राची पातळी कळते. बोगदान ओनाक आणि त्यांच्या स्पॅनिश, इटालियन व अमेरिकी सहकाऱ्यांनी या पद्धतीने २०१० मध्ये दाखवले की ८१ हजार वर्षांपूर्वी समुद्र आजच्यापेक्षा सुमारे एक मीटर उंच होता. त्या काळी बर्फ वाढत होता आणि समुद्र खाली असायला हवा, अशी तोवर समजूत होती. २०२४ मध्ये याच बेटावरील जेनोव्हेसा गुहेत पाण्याखाली गेलेल्या दगडी पुलाचे वय या खुणांवरून किमान ५६०० वर्षे ठरले. मायोर्कावर माणसाची वस्ती पूर्वी धरली होती त्याहून जुनी निघाली.

अशा संस्थेला पैसा कायम अपुरा पडतो आणि वर्गीकरण करणारे तज्ज्ञ कमी होत चालले आहेत. एखादी गोम किंवा गोचीड कोणत्या जातीची हे ओळखायला वीस-वीस वर्षांचा सराव लागतो आणि त्या सरावाला नोकरीच्या बाजारात किंमत नाही. तरी संग्रह वाढत आहे आणि जुने नमुने नव्या पद्धतींनी पुन्हा तपासले जात आहेत. भूजलाच्या बाबतीत संस्थेची भूमिका स्पष्ट आहे. झाकण लावून गुहेचे तोंड राखता येते, पण शेतातली खते आणि शहराचे सांडपाणी फटींतूनच खाली उतरतात. मोविलेला वाचवायचे तर मांगालियाच्या परिसरातील सर्व पाणी राखावे लागेल.

२०२० मध्ये संस्थेला शंभर वर्षे पूर्ण झाली. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये मोविलेतील सर्वांत मोठ्या शिकारी प्राण्याचे, सुमारे पाच सेंटिमीटर लांबीच्या गोमेचे, वर्णन प्रसिद्ध झाले. ती आधी युरोपात सर्वत्र आढळणाऱ्या एका जातीची समजली जात होती. बारकाईने तपासल्यावर ती स्वतंत्र जात निघाली. तिचे नाव ‘क्रिप्टॉप्स स्पिलिओरेक्स’ असून मोविलेच्या परिसराबाहेर ती कुठेही आढळलेली नाही.